'टिंकर टेलर सोल्जर स्पाय' : स्मायलीला आधीच माहीत होतं का?

मृणालिनी_स

'टिंकर टेलर सोल्जर स्पाय' (२०११) काल दुसऱ्यांदा पाहिला. पहिल्या वेळी अर्ध्या तासात तीनदा मागे नेला आणि मग 'पुढे कळेल' म्हणून नाद सोडला. पुढे काही कळलं नाही. मधल्या काळात जॉन ल कारेची मूळ कादंबरी (१९७४) वाचून काढली. तीही सोपी नाहीच, पण पुस्तकात निदान बोट घालून ठेवता येतं.

पाहिला नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात. साल १९७३. ब्रिटिश हेरखातं, आतल्या लोकांच्या भाषेत 'सर्कस', कारण कादंबरीत त्यांचं ऑफिस लंडनच्या केंब्रिज सर्कस चौकात आहे. प्रमुखाला सगळे नुसतं 'कंट्रोल' म्हणतात. त्याला संशय आहे की वरच्या पाच माणसांपैकी एक जण रशियाला फितूर आहे. तो जिम प्रिडो नावाच्या हेराला गुपचूप बुडापेस्टला पाठवतो, तिथे सगळं फिसकटतं, जिमला गोळी लागते. कंट्रोल घरी जातो आणि त्याच्याबरोबर त्याचा उजवा हात जॉर्ज स्मायलीही. पुढे कंट्रोल मरतो. मग सरकारला जाग येते आणि घरी बसवलेल्या स्मायलीलाच बाहेरून तपास करायला सांगतात.

माझा प्रश्न असा. कादंबरीच्या शेवटाकडे एक जागा आहे. गद्दार सापडल्यावर स्मायलीला वाटतं की आपल्या सगळ्यांनाच हे अर्धंमुर्धं ठाऊक होतं, आणि आजारपणासारखं आपण ते अंगावर काढत होतो. म्हणजे त्याला आधीच माहीत होतं? मग रात्र रात्र हॉटेलात बसून फायली वाचल्या त्या कशासाठी? सिनेमा या प्रश्नाचं उत्तर देतो असं मला वाटत नाही. तुम्हाला काय वाटतं?

(गद्दाराचं नाव प्रतिसादांत येणारच. पाहायचा असेल त्यांनी इथूनच मागे फिरावं.)

अरभाट

मला तर पहिल्या पाच मिनिटांत कळलं होतं. पाच संशयित. त्यातल्या एका भूमिकेत कॉलिन फर्थ, ज्याला त्याच वर्षी ऑस्कर मिळालंय. त्याला काय कोपऱ्यात उभं राहून चहा प्यायला घेतलं असेल?

स्मायलीने नटांची नावं वाचायला हवी होती, फायली नाही.

गोगलगाय

अरभाट, 😂😂

मी दोनदा झोपले. दोन्ही वेळा स्मायली झालेला गॅरी ओल्डमन चालत होता. जाग आली तेव्हाही तो चालतच होता.

जाडभिंगी

मृणालिनी, मागेपुढे जाणाऱ्या काळाचा घोळ होत असेल तर एक सोपी खूण सांगते. स्मायलीचा चष्मा बघायचा. घरी बसवल्यावर तो चष्मेवाल्याकडे जाऊन नवा चष्मा घेतो, जाड काळ्या फ्रेमचा. जुना होता तपकिरी. तपकिरी दिसला की भूतकाळ, काळा दिसला की तपास चालू. सिनेमा हे तोंडाने कुठेच सांगत नाही. दिग्दर्शक टोमास आल्फ्रेडसन स्वीडिश आहे आणि प्रेक्षकाला हाताला धरून नेण्यावर त्याचा अजिबात विश्वास नाही. मुख्य पात्र पहिली पंधरा मिनिटं तोंडच उघडत नाही, आता बोला.

आयुष्यभर चष्मा वापरल्याचा हा एवढाच फायदा झालाय मला.

मृणालिनी_स

जाडभिंगी!! दोनदा पाहून हे लक्षात आलं नाही. आता तिसऱ्यांदा पाहणं आलं.

खडूस_काका

आमच्या पिढीसाठी स्मायली म्हणजे ॲलेक गिनेस आणि विषय तिथेच संपतो. बीबीसीची १९७९ची मालिका, सात भाग. कादंबरीला जेवढा श्वास लागतो तेवढा तिला मिळालेला आहे. दोन तासांच्या सिनेमात काय होणार? रॉय ब्लँडचं पात्र करणाऱ्या सिअरन हाइंड्सला धड चार वाक्यंही नाहीत. पाच संशयित म्हणायचं आणि त्यातल्या दोघांची ओळखच करून द्यायची नाही, याला रहस्यपट म्हणत नाहीत.

आणि स्मायली ल कारेने बुटका, गोलमटोल, न शोभणारे महागडे कपडे घालणारा असा लिहिलाय. टायच्या रुंद टोकाने चष्म्याच्या काचा पुसत बसणारा. ओल्डमन देखणा दिसतो. चूक आहे ती.

हिशेबनीस

मी व्यवसायाने ऑडिटवाला. हेरकथांचं मला विशेष प्रेम नाही, पण हा सिनेमा पाहताना पहिल्यांदा वाटलं की आपल्या कामावर कोणीतरी सिनेमा काढलाय.

सगळी कलाटणी कशावर आहे ते बघा. रिकी टार नावाचा दुय्यम हेर इस्तंबूलमधून लंडनला तार पाठवतो की एक रशियन बाई फार मोठी बातमी द्यायला तयार आहे. लंडनकडून उत्तर येत नाही, पण मॉस्कोला मात्र लगेच खबर लागते. म्हणजे तार पोचली होती. मग स्मायली काय शोधतो? त्या रात्रीची ड्यूटी ऑफिसरची नोंदवही. त्याचा मदतनीस गिलम ती रेकॉर्ड रूममधून उडवून आणतो (तो प्रसंग बघताना माझ्या हाताला घाम फुटला होता, आणि तिथे एकही गोळी उडत नाही) आणि वहीत नेमकी त्याच तारखेची पानं कापलेली निघतात.

आम्हाला ऑफिसात शिरल्यावर पहिल्या वर्षी एका साहेबांनी सांगितलं होतं, चुकीची नोंद शोधत बसू नकोस, पानांचे नंबर बघ. एकदा खरंच असं झालं. एका आवक रजिस्टरात ११८ नंतर थेट १२१. आकडे सगळे जुळत होते, सह्या होत्या, शिक्के होते. नव्हतं ते फक्त एक पान. ज्याने फाडलं त्याला खात्री होती की नसलेली गोष्ट कुणाला दिसत नाही. आणि गंमत म्हणजे तो कोण असेल हे त्या खोलीतल्या सगळ्यांना ठाऊक होतं, शिपायापासून. कुणी बोललं नव्हतं. चांगला माणूस होता, सगळ्यांच्या घरच्या लग्नाकार्यांत पुढे असायचा.

तेव्हा मृणालिनीताई, 'माहीत होतं तर फायली कशाला' याचं आमच्या धंद्यातलं उत्तर: माहीत असणं आणि कागद हातात असणं यात फार अंतर असतं.

मृणालिनी_स

हिशेबनीस, काय सुंदर प्रतिसाद. त्या माणसाचं पुढे काय झालं?

हिशेबनीस

बदली.

अरभाट

सर्कशीतही बदलीच करणार होते त्याची. मॉस्कोला. :)

गोगलगाय

(हे खरंय. पकडल्यावर त्याची रशियाशी अदलाबदल करायचं ठरलेलं असतं. ते होण्याआधीच… असो.)

अवांतर : नावाचा अर्थ कोणी सांगेल का? कल्हईवाला, शिंपी, शिपाई, हेर. हे काय प्रकरण आहे?

पाणबुडी

इंग्लिश पोरांचं जुनं गाणं आहे. फळातल्या बिया नाहीतर कोटाची बटणं मोजत म्हणायचं, ज्या शब्दावर मोजणी संपेल तो आपला भावी धंदा किंवा नवरा. टिंकर, टेलर, सोल्जर, सेलर, रिच मॅन, पुअर मॅन, बेगर मॅन, थीफ. कंट्रोलने यातलेच शब्द संशयितांना सांकेतिक नावं म्हणून वाटलेत. टिंकर म्हणजे पर्सी ॲलेलाइन, टेलर बिल हेडन (कॉलिन फर्थ तोच), सोल्जर रॉय ब्लँड, पुअरमॅन टोबी एस्टरहेस. सेलर गाळलाय, कारण तो टेलरसारखा ऐकू येतो. आणि बेगरमॅन खुद्द स्मायली! कंट्रोलच्या फ्लॅटवर बुद्धिबळाच्या सोंगट्यांना प्रत्येकाचा फोटो चिकटवलेला सापडतो, त्यात स्मायली स्वतःचाही फोटो बघतो. ज्याच्यासाठी नोकरी गेली त्याच्याच यादीत आपण होतो. ओल्डमनच्या चेहऱ्यावर तेव्हा जे काही होतं (म्हणजे जे काही होत नाही) त्यासाठी मी सिनेमा पुन्हा बघेन.

गोगलगाय

म्हणजे आपलं 'अडम तडम तडतड बाजा'! ब्रिटिश हेरखात्यात राज्य कोणावर, ते ठरवायचं चाललंय.

अरभाट

मराठीत डब करायचा झाला तर नाव ठरलं : 'कल्हईवाला, शिंपी, हवालदार, फितूर'.

चूकभूल_द्यावी

त्यावरून आठवलं, 'मोल'ला मराठीत काय म्हणाल? बातमीत 'घरभेदी' लिहितात, पण त्यात वर्षानुवर्षं जमिनीखाली दबून राहण्याची छटा नाही. 'मोल' म्हणजे आधी पेरायचा, वीस वर्षं वाढू द्यायचा, मग वापरायचा.

खडूस_काका

अस्तनीतला निखारा.

चूकभूल_द्यावी

काका, निखारा लगेच भाजतो हो. हा वीस वर्षं ऊब देतोय.

हिशेबनीस

घूस. जुन्या घरांच्या पायाखालून पोखरत जाते, वरून जमीन सपाट दिसते. एक दिवस पाय आत जातो तेव्हा कळतं.

चूकभूल_द्यावी

घूस! हाच. हिंदीत लाच म्हणतील, पण त्यांचं ते बघून घेतील.

पाणबुडी

काकांच्या 'याला रहस्यपट म्हणत नाहीत' याच्याशी असहमत. सिनेमाला 'कोण' यात फारसा रसच नाही. त्याला रस आहे 'इतकी वर्षं कसं जमलं' यात, आणि ते यंत्र इतकं देखणं आहे की लिहिल्याशिवाय राहवत नाही. बऱ्याच जणांना सिनेमात हेच निसटतं, म्हणून सविस्तर लिहितो.

ॲलेलाइन आणि मंडळींना एक जबरदस्त रशियन स्रोत मिळालाय, सांकेतिक नाव 'मर्लिन'. त्याचा माल म्हणजे 'विचक्राफ्ट'. माल इतका भारी की ॲलेलाइन थेट प्रमुख होतो. मर्लिनचा निरोप्या म्हणजे लंडनमधल्या सोव्हिएत वकिलातीतला पोल्याकोव्ह. त्याला भेटायला एक गुप्त घर भाड्याने घेतलंय.

आता पोल्याकोव्हने आपल्या वरिष्ठांना तिथे जाण्याचं काय कारण सांगायचं? तर त्याने म्हणे मॉस्कोला सांगितलंय, 'सर्कशीत माझा एक फितूर आहे, मी त्याला भेटतो'. मग तसं भासवण्यासाठी सर्कसवाले त्याला थोडे कागद देतात. बिनमहत्त्वाचे, कोंबड्यांपुढे दाणे टाकावेत तसे.

नीट बघा काय झालंय. वरच्या चौघांनाही वाटतंय की फितूर ही आपणच रचलेली थाप आहे. त्यामुळे 'सर्कशीत फितूर आहे' अशी कुजबुज जरी झाली तरी ते हसून म्हणणार, हो हो, आमचंच नाटक आहे ते, गप्प बसा. आणि त्या चौघांतला एक जण खरोखरच फितूर आहे! त्याला लपायची गरजच उरलेली नाही. अस्सल माल तो सरकारी खर्चाने, सरकारी घरात, साहेबांच्या परवानगीने देतोय, आणि उलट दिशेने येतोय तोच कोंबड्यांचा दाणा, वर थोडं सोनं शिंपडलेलं. ते सोनं कशाला? अमेरिकनांनी भुलावं म्हणून. मॉस्कोचा खरा डोळा लंडनवर नाहीच, लंडनच्या दारातून वॉशिंग्टनच्या तिजोरीवर आहे.

मोडायची युक्तीही तितकीच साधी. टारला पॅरिसहून तार करायला लावायची की माझ्याकडे महत्त्वाची खबर आहे. घाबरून जो पोल्याकोव्हची तातडीने भेट मागेल तो आपला माणूस. स्मायली त्याच घरात अंधारात खुर्ची टाकून बसतो. पाठलाग नाही, मारामारी नाही.

जाडभिंगी

पाणबुडी, हे वाचून मला पहिल्यांदा नीट कळलं. सिनेमा तीनदा पाहिलेला असताना. 🙈

खडूस_काका

पाणबुडी यांनी छान मांडलंय, पण हे सिनेमातून कळलं की कादंबरीतून? खरं सांगा.

पाणबुडी

कादंबरीतून. :) पण सिनेमा पाहून ती वाचावीशी वाटली, तेवढं श्रेय द्या त्याला.

रातराणी_वि

मला काय बदललंय त्यापेक्षा का बदललंय याची उत्सुकता असते. कादंबरीची सुरुवात बुडापेस्टला नाहीच, एका शाळेत होते. पावसात एक वाकड्या खांद्याचा नवा मास्तर जुनी गाडी आणि मागे कॅरावॅन घेऊन येतो आणि एक चष्मेवाला एकलकोंडा मुलगा त्याला खिडकीतून बघतो. हा मास्तर जिम प्रिडो हे आपल्याला हळूहळू कळतं. सिनेमा थेट कंट्रोलच्या फ्लॅटवर आणि तिथून बुडापेस्टच्या कॅफेत. कादंबरीत ती मोहीम चेकोस्लोव्हाकियात होती, टारचं प्रकरण हाँगकाँगला. मालिकेत ते लिस्बनला गेलं आणि सिनेमात इस्तंबूलला. या बदलांचं मला काही नाही. कॅफेतल्या त्या वेटरच्या कपाळावरून घामाचा थेंब टेबलावर पडतो आणि जिमला कळतं, तो क्षण अख्ख्या प्रकरणाइतका आहे.

पीटर गिलमचा बदल मात्र मोठा आहे. कादंबरीत त्याची कमिला नावाची मैत्रीण आहे. सिनेमात त्याचा जोडीदार पुरुष आहे. स्मायली त्याला सांगतो, तुझ्यावर नजर असेल, घरचं काही आवरायचं असेल तर आत्ताच आवर. पुढच्या दृश्यात तो जोडीदाराला घालवून देतो, कारण न सांगता, आणि एकटा बसून रडतो. बेनेडिक्ट कंबरबॅचचं मला आवडलेलं सगळ्यात चांगलं काम.

खडूस_काका

हे उगाच घातलेलं आहे. आजकाल घालावं लागतं.

रातराणी_वि

उगाच नाही काका. इंग्लंड-वेल्समध्ये समलिंगी संबंध गुन्हा नाहीत असा कायदा १९६७मध्ये झाला, पण हेरखात्यात आणि परराष्ट्र सेवेत ती बंदी १९९१पर्यंत होती. कारण काय, तर अशा माणसाला धमकावून फितवता येतं. म्हणजे १९७३चा गिलम देशाशी शंभर टक्के प्रामाणिक आहे आणि तरी चोरासारखा जगतोय. आणि ज्याच्यावर कुणाला संशय नाही तो हेडन उघडपणे सगळ्यांशी सगळं करतोय, बायका काय, पुरुष काय, मित्राची बायको काय. त्याला सगळं माफ, कारण तो 'आपल्यातला' आहे. एका दृश्यात हे सांगितलंय. मला तर कादंबरीपेक्षा सरस वाटतं.

खडूस_काका

हम्म. बंदी १९९१पर्यंत होती हे ठाऊक नव्हतं. ठीक आहे, 'उगाच' मागे घेतो. 'ओल्डमन देखणा' कायम.

अरभाट

काकांनी काहीतरी मागे घेतलं! आजची तारीख लिहून ठेवा.

खडूस_काका

'आपल्यातला' यावरून थोडं लिहितो, कारण हेडनच्या मागे उभा असलेला खरा माणूस त्याच्याहून अचाट आहे. किम फिल्बी. जन्म १९१२, आपल्याच अंबाल्याचा. बाप आयसीएसमध्ये. 'किम' हे टोपणनाव किपलिंगच्या 'किम' कादंबरीतल्या पोरावरून पडलं, आणि तो किमही हेरगिरीच करतो! केंब्रिजला शिकताना कम्युनिझमकडे वळला, पुढे सोव्हिएत हेर झाला आणि नंतर ब्रिटिश खात्यात शिरला. १९४४मध्ये खात्याने सोव्हिएत हेरांविरुद्ध नवा विभाग काढला, त्याचा प्रमुख कोण? फिल्बी. कुंपणच शेत खातं म्हणतात ते हे. १९४९पासून वॉशिंग्टनला अमेरिकनांशी समन्वयासाठी नेमणूक. १९५१मध्ये त्याचे दोन सोबती, बर्जेस आणि मॅक्लीन, पळून गेले, तेव्हा संशय आलाच. तरी १९५५मध्ये परराष्ट्रमंत्री मॅकमिलन यांनी संसदेत त्याच्याविरुद्ध काही पुरावा नाही असं सांगितलं. फिल्बीने मग आईच्या फ्लॅटवर पत्रकार बोलावून हसत हसत मुलाखत दिली. जानेवारी १९६३मध्ये बैरूतहून गायब झाला तो मॉस्कोला उगवला. मेला तिथेच, १९८८मध्ये.

ल कारे तेव्हा स्वतः हेरखात्यात होता, खरं नाव डेव्हिड कॉर्नवेल. फिल्बीने ज्यांची नावं मॉस्कोला दिली त्यात आपणही होतो, असं तो म्हणायचा. पुस्तकातला तो राग उसना नाही.

बीबीसीची मालिका १९७९च्या सप्टेंबर-ऑक्टोबरात लागली आणि नोव्हेंबरात थॅचरबाईंनी संसदेत जाहीर केलं की राणीच्या चित्रसंग्रहाचा जाणकार सर अँथनी ब्लंट हाही त्याच केंब्रिजच्या टोळीतला. खात्याला ते १९६४पासून ठाऊक होतं! मृणालिनी, तुझ्या प्रश्नाचं हेही एक उत्तर समज. माहीत असतं. सोयीचं नसतं.

मृणालिनी_स

काका, अंबाला वाचून थक्क. आणि कादंबरीत स्मायली आणि कार्ला (मॉस्कोचा हेरप्रमुख, हेडनचा खरा साहेब) भेटतात तेही दिल्लीच्या तुरुंगात.

गोगलगाय

सिनेमात दिल्ली नाही दाखवली ते बरं झालं. पिवळा फिल्टर, एक हत्ती आणि मागे सतार वाजली असती.

चूकभूल_द्यावी

चुका काढायचं माझं नेहमीचं काम करून जातो. शेवटी सगळे हिशेब चुकते होताना मागे जे फ्रेंच गाणं वाजतं, 'ला मेर', ते हुलिओ इग्लेसियासचं पॅरिसच्या ऑलिंपियातलं १९७६चं ध्वनिमुद्रण आहे. कथा १९७३-७४ची. आता करा काय करायचं ते.

रातराणी_वि

काहीही करणार नाही. स्मायली कंट्रोलच्या खुर्चीत येऊन बसतो आणि नेमक्या त्याच क्षणी रेकॉर्डवरच्या टाळ्या पडतात. त्या टाळ्यांसाठी १९८६चं गाणं असतं तरी चाललं असतं.

सारीपाट

उशिरा आलो. आपल्याकडे हा प्रकार करून पाहिलाय, विशाल भारद्वाजचा 'खुफिया' (२०२३). अमर भूषण स्वतः रॉमध्ये होते, त्यांच्या 'एस्केप टू नोव्हेअर' कादंबरीवरून. तिथेही ऑफिसातलाच माणूस, कागदांच्या झेरॉक्स, घरावर पाळत. आणि मूळ कादंबरीतला तपास अधिकारी पुरुष आहे, सिनेमात तब्बू. पहिला अर्धा भाग झकास, पुढे त्यांनाही बंदुकीचा मोह आवरला नाही.

अरभाट

आपल्याकडे नायक तीन तास फायली वाचतोय असा सिनेमा काढला तर प्रेक्षक निर्मात्याची फाईल बंद करतील.

रातराणी_वि

मला मूळ प्रश्नाकडे यायचंय. सिनेमात ती ख्रिसमसची पार्टी आहे ना, कादंबरीत नसलेली? सांताक्लॉजने लेनिनचा मुखवटा घातलाय, सगळे हेर उभे राहून सोव्हिएत राष्ट्रगीत म्हणतायत (त्या गर्दीत म्हातारा ल कारे स्वतः आहे). सिनेमा तिथे पुन्हा पुन्हा परत जातो. तिथेच जिम आणि हेडन एकमेकांकडे बघून हसतात, तिथेच स्मायलीला खिडकीतून आपली बायको ॲन हेडनच्या मिठीत दिसते. ॲनचा चेहरा सिनेमा कधीच दाखवत नाही.

मला वाटतं जिमला माहीत होतं, हे नक्की. बुडापेस्टला जाण्याआधी तो हेडनला भेटायला गेला होता. ज्याच्यावर संशय नाही त्याला असं सावध करायला कोण जातं? शेवटी गोळी झाडताना तो रडतोय ते त्यामुळेच. (कादंबरीत मान मोडलेली सापडते आणि कोणी मोडली ते ल कारे उच्चारत नाही, सिनेमात बंदूक. इथे मला कादंबरी जास्त आवडते. हातांनी मारणं जास्त जवळचं आहे.)

पाणबुडी

रातराणी, तुम्ही ॲनचं नाव काढलंत आणि मला एकदम दुवा लागला. मृणालिनी, हे बघा पटतंय का.

पकडल्यावर हेडन स्मायलीला सांगतो की ॲनशी प्रकरण करायला कार्लाने सुचवलं होतं. का? कार्लाचं म्हणणं, सर्कशीत धोका एकाच माणसाचा आहे, स्मायलीचा. पण हेडन बायकोचा प्रियकर आहे हे सगळ्या गावाला माहीत झालं, तर स्मायली त्याच्याकडे कधीच सरळ नजरेने बघू शकणार नाही.

म्हणजे स्मायलीला संशय आला तर पहिला प्रश्न तो स्वतःलाच विचारणार की हा पुरावा बोलतोय की माझा मत्सर? जितका सभ्य माणूस तितका तो त्या संशयापासून लांब पळणार. त्याच्या चांगुलपणालाच कुलूप लावलंय. त्याला माहीत होतं की नाही यापेक्षा, त्याला माहीत असण्याची सोयच काढून घेतली होती असं मी म्हणेन.

आणि हे कार्लाला सुचलं कुठून? दिल्लीतून! १९५५मध्ये तुरुंगात स्मायली त्याला फोडायला जातो. समोरचा माणूस एक शब्द बोलत नाही. मग स्मायलीच बोलत सुटतो, बायकांबद्दल, घरी वाट बघणाऱ्या माणसांबद्दल, आणि आपलाच लायटर त्याच्यापुढे ठेवतो, ॲनने प्रेमाने नाव कोरून दिलेला. कार्ला लायटर घेऊन निघून जातो. चौकशी कोणी कोणाची केली?

खडूस_काका

तो प्रसंग मालिकेत फ्लॅशबॅकमध्ये आहे, पॅट्रिक स्ट्युअर्ट कार्ला झालाय आणि एक अक्षर बोलत नाही. सिनेमात ओल्डमन दारू पीत रिकाम्या खुर्चीला ते सगळं सांगतो, जणू कार्ला समोर बसलाय.

…हं. कबूल करतो, पाणबुडी यांचं वाचल्यावर रिकामी खुर्ची जास्त बरोबर वाटते. इतक्या वर्षांनीही तोच बोलतोय.

हिशेबनीस

पाणबुडी, हे अगदी पटलं. ते रजिस्टरचं प्रकरण शेवटी ज्याने वर कळवलं, त्याचं आणि त्या माणसाचं आधीपासून वाकडं होतं. कित्येक महिने तो गप्प बसला होता. लोक काय म्हणतील, सूड घेतला म्हणतील.

रातराणी_वि

हिशेबनीस, कळवणारे तुम्हीच ना?

हिशेबनीस

पानांचे नंबर मी बघितले, एवढं खरं.

मृणालिनी_स

काल रात्री तिसऱ्यांदा पाहिला, चष्म्यांवर लक्ष ठेवून. एकदाही मागे न्यावा लागला नाही! पाणबुडींचं उत्तर डोक्यात ठेवून ती पार्टी बघितली. खिडकीबाहेर ते दोघं दिसल्यावर स्मायली भिंतीला टेकून कसाबसा उभा राहतो, आणि आत सगळे जोरात गातायत. मी इतके दिवस त्या जागी नवरा बघत होते. हेराचे डोळे जातायत ते मला दिसलंच नव्हतं.

काका, मालिका आता बघायला घेते. सातही भाग.

खडूस_काका

शाब्बास. आणि नंतर 'स्मायलीज पीपल'. लायटरचं पुढे काय होतं ते तिथे आहे. सांगत नाही.

नवखा_२२

नमस्कार, फक्त शीर्षक वाचलंय, प्रतिसाद वाचले नाहीत. आज रात्री सिनेमा बघणार आहे. गद्दार कोण ते प्लीज कोणी सांगू नका. काही तयारी करून बसावं लागतं का?

जाडभिंगी

चष्मा बघा.

अरभाट

आणि नटांची नावं वाचू नका.